तितिक्षा – वाक्यात उपयोग करा

परतीच्या पावसानं सालेहाला लातूरच्या गोलाईत, भर बाजारात गाठलं. छत्री घरी, हातात खडूंचा डबा, अंगावर नवीकोरी ओढणी... ती धावतच एका कापडदुकानाच्या सज्जाखाली शिरली. तिथं आधीच दहा-बारा माणसं अंग चोरून उभी होती. एक तरुण तेवढा सज्जाच्या बाहेर, बरोबर पागोळ्यांखाली उभा राहून नखशिखांत भिजत होता.

"अहो, आत या की! जागा आहे," सालेहा न राहवून म्हणाली.

"मी हितंच बरा हाय."

"भिजताय ना!"

"भिजलेलं वाळतंय की." त्यानं एकदा वरच्या सज्जाकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "तुमीच जरा इकडं सरका. कडंला."

"का? मीही भिजू?"

"हाव... सोबत म्हणून."

आता ह्याला आगाऊपणा म्हणावा की काय म्हणावं? सालेहानं मान फिरवली, पण हसू काही तिचं ऐकेना. पाऊस थांबल्यावर तिनं चोरून पाहिलं, तर तो निघून गेला होता. आपण उगाच त्याला शोधतोय हे लक्षात येऊन ती स्वतःवरच चिडली.

ही गोष्ट शहाण्णव सालची. तेव्हा लातुरात भिंत दिसली की तिच्यावर क्लासची पाटी लागत होती. डॉक्टर-इंजिनियर व्हायला गावोगावची मुलं यायची. ज्यांना तेवढं झेपत नव्हतं ती संध्याकाळच्या वर्गात तलाठी, ग्रामसेवक, पोलीस भरतीची तयारी करायची. अशाच एका वर्गात सालेहा मराठी शिकवायची. 'करीम मण्याराची पोरगी मराठी शिकवते' याचं बांगडीवाल्यांच्या मण्यारगल्लीत कौतुक कमी आणि नवल जास्त होतं. घरात बोली दखनी उर्दू, पण बी.ए.ला मराठीत कॉलेजात पहिली आली होती ती.

त्या संध्याकाळी नव्या तुकडीपुढे ती उभी राहिली आणि पाहते तर काय – दारात, अगदी उंबऱ्याला लागून, लोखंडी खुर्ची टाकून तोच बसलेला! हजेरीत नाव कळलं. मुनीब.

"दाराजवळून पळून जायला सोपं पडतं वाटतं?" सालेहानं गोलाईतल्या आगाऊपणाचं उट्टं काढलं.

"हाव, मॅडम."

वर्ग खदाखदा हसला. "उद्यापासून दुसऱ्या बाकावर बसायचं," तिनं फर्मान काढलं.

दुसऱ्या दिवशी तो निमूट दुसऱ्या बाकावर बसला. पावसाची झड आत येऊ लागली म्हणून कुणीतरी दार लोटून कडी घातली. सालेहा समानार्थी शब्द सांगत होती. सांगता सांगता तिची नजर त्याच्यावर गेली. चेहरा पांढराफटक, कपाळ घामानं थबथबलेलं, बोटं बाकाच्या कडेला गच्च रुतलेली. तिनं काही विचारायच्या आत तो उठला, कडी काढली आणि जिना उतरून गेला.

"मॅडम, त्याला दारातच बसू द्या," पुढच्या बाकावरचा सत्यम हळूच म्हणाला. "भूकंपातला हाय तो. किल्लारीच्या अलीकडच्या गावचा."

सालेहाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. दुसऱ्या दिवशी तिनं स्वतः ती लोखंडी खुर्ची उचलून उंबऱ्याशी ठेवली. तो आला, खुर्चीकडे पाहिलं, मग तिच्याकडे... आणि त्या दिवशी सालेहा फळ्यावर साधा शब्द दोनदा चुकली.

वर्ग सुटल्यावर तिनं त्याला जिन्यात गाठलं. "सांगायचं नाही का मला?"

"काय सांगायचं? सगळ्यांनीच सोसलंय तिकडं." जरा थांबून तोच पुढं बोलला, "विसर्जन बघून उशिरा आलो होतो. अम्मीची झोपमोड नको म्हणून अंगणातच पडलो. तिनं आतून कडी लावली होती. पहाटं सगळं हललं... मी बाहेर, अम्मी आत. कडी अडकली, मॅडम. निघालीच न्हाई."

सालेहाच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं. ते पुसत तिनं भलतंच विचारलं, "आणि त्या दिवशी गोलाईत?"

"सज्जा लई जुना होता. तुमी बरोबर त्याच्याखाली उभ्या..." तो ओशाळून हसला. "तसं म्हणलं असतं तर येडा म्हणला असता. म्हणून म्हणलं, सोबत."

घरी जाताना सालेहा ते एकच वाक्य घोळवत राहिली. ओळख ना पाळख, आणि ह्या माणसाला पहिली काळजी वाटली ती तिच्या डोक्यावरच्या छपराची! त्याच वाटेवर कुठंतरी तिचा जीव त्याच्यात गुंतला.

पुढच्या आठवड्यात शब्दसमूहांची पाळी आली. सालेहानं फळ्यावर लिहिलं – हालअपेष्टा सहन करण्याचा गुण : तितिक्षा.

"मॅडम, असलं कुणी बोलतं का?" पुनमनं विचारलं.

"बोलत कुणी नाही. परीक्षेत विचारतात. चला, वाक्यात उपयोग करा."

"आमच्या म्हशीच्या अंगी लई तितिक्षा आहे," सत्यम म्हणाला आणि वर्ग हसून लोळायचा बाकी राहिला. मुनीबची पाळी आली तेव्हा तो उठून नुसता उभा राहिला. "वाक्य येईना, मॅडम. शब्दच पटंना."

तो का पटत नाही, हे त्यानं चहाच्या गाड्यावर सांगितलं. आताशा वर्ग सुटला की दोघांची पावलं तिकडेच वळायची. "अम्मी सब्र म्हणायची. त्याच्यात आन् ह्याच्यात फरक काय?"

सालेहानं कप खाली ठेवला. हा प्रश्न तिला कुणी विचारला नव्हता, तिनं स्वतःलाही नाही. "सब्राचं फळ गोड असतं म्हणतात ना? म्हणजे सब्र करणारा कशाची तरी वाट पाहत असतो. तितिक्षेत वाट पाहणं नाही. थंडी वाजली तर वाजली, ऊन लागलं तर लागलं, कुणी टाकून बोललं तर बोललं... हूं की चूं करायचं नाही."

"मग फळ?"

"फळ नाही."

"आन् तरी गुण म्हणायचं? कोण म्हणतंय – सोसणारा का बघणारा?"

सालेहानं कप उचलून चहाचा घोट घेतला. तिनं विषय बदलला. "एक विचारू? दखनी तुमच्याही घरची, माझ्याही घरची. मग आपण दोघं असलो तरी मराठीतच का बोलतो?"

"घरची बोली आली की फुफी, खाला, शेजारपाजार, सगळे कान टवकारून भोवती बसल्यावानी वाटतंय." तो चहाच्या वाफेकडे पाहत म्हणाला. "मराठीत आपण दोघंच असतो."

"मग... काही विचारायचं असेल तर मराठीतच विचारा."

"वाक्यात उपयोग करू?"

"करा."

"सालेहा..." मॅडम गळून पडलं होतं. "माझ्या घराला दार असंल, पण कडी नसंल. चालंल?"

पावसाची भुरभुर सुरू झाली होती. चहावाल्याचा स्टोव्ह फुरफुरत होता. तिनं ओढणीचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, पुन्हा गुंडाळलं.

"चालेल," ती म्हणाली.

दिवाळीनंतरच्या रविवारी मुनीबनं आपल्या चाचासह लग्नाचा पैगाम घेऊन यायचं ठरलं. अब्बांना कडीचं आधी सांगावं, असं सालेहाच्या शंभरदा मनात आलं. पण सांगणार कसं? तुला कसं माहीत, असं विचारलं की संपलंच! मुलीनं मुलाला ओळखणं मण्यारगल्लीत अजून पचत नव्हतं.

"दाराला कडी लागली तरी बसाल ना?" तिनं शनिवारी विचारलं.

"तुमच्यासाठी बसीन."

करीमभाईंची बैठक म्हणजे दुकानाचाच मागचा अर्धा भाग. भिंतीभर आडव्या दांड्या, दांड्यांवर काचेच्या बांगड्यांच्या माळा. पाहुण्यांना बसवलं आणि पोरीबाळींच्या गोष्टी रस्त्यावर जाऊ नयेत म्हणून करीमभाईंनी रिवाजाप्रमाणे दार लावून कडी घातली. पडद्याआड सालेहा शरबताचं तबक घेऊन उभी होती. शरबताला आज काही वेगळाच वास होता, पण तिचं लक्ष कुठलं तिथं असायला! पडद्याच्या फटीतून तिला फक्त मुनीब दिसत होता. हात मांडीवर, नजर कडीवर.

'अब्बा, कडी काढा.' एवढे तीन शब्द. ते तिच्या जिभेवर आले आणि तिथंच थांबले. पैगामाच्या वेळी मुलीचा आवाज बाहेर येत नाही. आणि तो बसला होता की! घामानं सदरा भिजला होता, तरी बसला होता. थोडंसंच सोस, राजा, ती मनात म्हणत राहिली, थोडंसंच...

तेवढ्यात बाहेरून उसानं भरलेला ट्रक गेला. जमीन थरथरली आणि दांड्यांवरच्या साऱ्या बांगड्या एकदम खळखळ वाजल्या.

मुनीब ताडकन उठला. कडी ओढली, दार ढकललं आणि अनवाणीच रस्त्यावर पळाला. चाचा माफी मागत मागत त्याच्या मागं गेले. खाली चपलांचा जोड राहिला आणि पडद्याआड शरबत.

पैगाम घेऊन आलेला मुलगा शरबत न पिता उठला, म्हणजे त्याला घर पसंत नाही. भर बिरादरीत नाक कापलं गेलं. करीमभाई त्या दिवशी जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी चाचा दारापर्यंत येऊन गेले, पण करीमभाईंनी भेट दिली नाही. सालेहानं तोंड उघडलं नाही. "सबर कर, बेटी," अम्मी पाठीवरून हात फिरवत म्हणाली, "सबर का फल मीठा."

महिन्याच्या आत नांदेडच्या फुफीला, म्हणजे आपल्या बहिणीला, करीमभाईंनी शब्द दिला. तिचा लेक जावेद मुदखेडला रेल्वेत होता. भला मुलगा, कुणी नाव ठेवावं असं काही नाही. 'चढलेली बांगडी आणि दिलेली जबान मण्यार माघारी घेत नाही,' हे करीमभाईंचं पिढीजात वाक्य गल्लीतल्या शेंबड्या पोरालाही पाठ होतं.

वर्गाच्या शेवटच्या संध्याकाळी मुनीब आला. आत नाही, जिन्यातच थांबला.

"तुमची काय बी चूक न्हाई," तो म्हणाला. "माझीच. ट्रक हाय हे कळत होतं... पाय ऐकंनात."

"चूक माझी आहे! मी पडद्याआड होते. एक शब्द बोलले असते तर..." ती दोन पायऱ्या उतरून त्याच्यासमोर आली. "भांडा की माझ्याशी! ओरडा तरी!"

त्यानं मान खाली घातली. "मॅडम, ते वाक्य राहिलं होतं माझं. आता आलंय."

"कुठलं?"

"ज्याच्या अंगी तितिक्षा असते, तो 'कडी काढा' म्हणत नाही."

शाळेच्या पुस्तकातलं असावं तसं शुद्ध बोलला तो. सालेहाला सांगायचं होतं, बरोबर आहे, पैकीच्या पैकी गुण. पण ती कठड्याला धरून नुसती रडत राहिली आणि तो एकेक पायरी उतरून गेला.

लग्नाच्या आदल्या दुपारी करीमभाई लेकीच्या हातात चुडा भरायला बसले. हे काम ते दुसऱ्या कुणाला करू देणार नव्हते. तिचा हात हातात घेऊन, दाबून, चोळून ते एकेक हिरवी बांगडी चढवत होते. बैठकीच्या दाराला नेहमीसारखी कडी होती. बाहेरून ट्रक गेला. दांड्यांवरच्या बांगड्या खळखळल्या आणि सालेहाची मूठ आपोआप आवळली गेली.

"हात ढीला छोड, बेटी."

सालेहानं वर पाहिलं. आणि जे घरच्या बोलीत इतके दिवस ओठांवर आलं नव्हतं, ते मराठीत बाहेर पडलं.

"अब्बा, तो ह्या आवाजाला भ्याला होता."

कोण, असं करीमभाईंनी विचारलं नाही.

"भूकंपातला आहे तो. त्याची अम्मी कडी लावलेल्या घरात गेली. तुम्ही कडी घातलीत, तरी तो बसला होता. माझ्यासाठी बसला होता. मग बांगड्या वाजल्या... घर नापसंत नव्हतं, अब्बा."

करीमभाईंचे हात थांबले. जन्मभर खेड्यापाड्यांतल्या लेकीसुनांना बांगड्या भरताना जी मराठी ते बोलत आले होते, त्याच मराठीत ते लेकीशी बोलले. "मग तवाच का न्हाई बोललीस, माय?"

"मुलीनं बोलायचं नसतं ना."

"आगं, मी मनातनं होकार देऊन बसलो होतो. चांगलं वाटलं होतं मला पोरगं. शरबतात केशर टाकायला तुझ्या अम्मीला मीच सांगितलं होतं."

केशर! शरबताला आला होता तो वेगळा वास केशराचा होता. सालेहानं आपल्या हाताकडे पाहिलं. शेवटची बांगडी बोटांवरून आत येऊन नेमकी मधल्या हाडांवर अडली होती. करीमभाईही तिच्याकडेच पाहत होते.

"नांदेडला मांडव घातलाय, बेटी," ते शेवटी म्हणाले. त्यांनी तिचा हात पुन्हा दाबून धरला आणि हळूच, जराही न दुखवता, ती बांगडी मनगटापर्यंत चढवली. त्यांच्या दाढीवरून पाणी ओघळून तिच्या हातावर पडलं.

मग ते गुडघ्यावर हात टेकून उठले, दाराशी गेले आणि कडी काढली. दार सताड उघडून ते परत तिच्याजवळ येऊन बसले. थंडीचा वारा आत आला, दांड्यांवरच्या बांगड्या हलकेच किणकिणल्या आणि बापलेक त्या आवाजाकडे कान लावून बसून राहिले.