दारव्ह्याच्या मंडपातला अंधार

"जेलात गेली तरी माफी मांगणार नाही!" रुबीनानं दारातूनच सांगितलं.

खाजगी तपासनीस सुरभी राऊत यांनी तिच्यापुढे चहा ठेवला. काल दारव्ह्याच्या दुर्गामंडपात नाटक रंगात आलं असताना स्टेजचे दिवे गेले. अंधारात नटी लालीबाई खाली पडली, हात मोडला. दिवे रुबीना कॉम्प्युटरवरून चालवत होती, आणि आदल्याच दिवशी नाटक कंपनीचा मालक इंद्रजीत याच्याशी तिचं वाजलं होतं.

"मालक म्हणते, म्यां सूड घेतला, माफी मांग. आता मले लाइटले हात कोण लावू देईन?"

"कॉम्प्युटर सोडून कुठं गेली होतीस?"

"मध्यंतरात, पाणी प्याले. बाकी सारं नियमानं. त्याले नेट लावाचं नाही, अशी मालकाची तंबी. काहून, ते नाही सांगतलं."

तिनं तालमीचा फोटो दाखवला. मागे देवीची मूर्ती, पुढे कॉम्प्युटर.

"फोटो जुना आहे," मदतनीस फकिरा म्हणाला. "कॉम्प्युटरच्या पडद्यावर एप्रिलची तारीख आहे." घाईनं निकाल लावण्यात त्याचा हात कोणी धरू शकत नसे.

मंडपात जनरेटरवाला ऋतिक भेटला. "लाइट गेले, पण करंट होता ना बाई! लालीबाईची किंकाळी माइकातूनच ऐकली."

कॉम्प्युटरवर आज बरोबर तारीख होती.

इंद्रजीत गुर्मीतच होता. "मी कायले लाइट घालवीन? फोन बंद पडलता, म्हणून मध्यंतरापासून त्याच कॉम्प्युटरवरून नाटक लाइव्ह करून राह्यलो होतो. साऱ्या जिल्ह्यानं पाह्यलं!"

"तिथंच फसलात," सुरभी म्हणाल्या. "करंट होता, म्हणजे बंद पडला तो दिवे चालवणारा प्रोग्राम. तो चोरीचा आहे. त्याची मुदत कधीच संपली. ते त्याला कळू नये म्हणून तुम्ही कॉम्प्युटरची तारीख एप्रिलमध्ये अडकवून ठेवली."

"पण फोटो..." फकिरा अडखळला.

"एप्रिलमध्ये दुर्गा बसते का, फकिरा? फोटो याच आठवड्यातला. म्हणूनच नेटची बंदी होती. काल यांनी स्वतःच नेट लावलं. कॉम्प्युटरनं तारीख सुधारली, प्रोग्राम बंद पडला."

इंद्रजीतचा आवाज उतरला. "सारेच वापरतात, मॅडम. रुबीना, कामावर ये. विषय मिटव."

"चोर तो चोर, वर शिरजोर!" रुबीना उसळली. "इल्जाम साऱ्या गावासमोर लावला ना? मंग खरं बी गावासमोरच बोला. नाहीतर मी चालली ठाण्यात."

संध्याकाळी मंडप भरला. पहिल्या रांगेत लालीबाई प्लास्टरमधला हात सांभाळत बसली होती. इंद्रजीत माइकपाशी गेला आणि मान खाली घालून उभा राहिला.

रुबीनानं हातानं चालवायच्या जुन्या लाइटबोर्डाची पट्टी वर सरकवली. सगळा उजेड मालकाच्या तोंडावर पडला.

"बोला," ती म्हणाली.