उजेड न पाहिलेली वाळू

प्रयोगशाळेत भर दुपारीही एकच लाल मिणमिणता दिवा लागलेला असे. नवख्याला वाटे, इथे फोटो धुतात. डॉ. शर्वाणी तेंडोलकर तिथे वाळू वाचत असे, आणि आपलं वाचन चुकत नाही याची तिला पक्की खात्री होती.

न्यायालयाने तिच्याकडे पाठवलेला हा पहिलाच वाद. वेंगुर्ल्याकडच्या एका वाडीत इंदुमती दळवी आणि गंगाराम कुबल यांच्या आवारांमध्ये गडगा होता, म्हणजे चुना-माती न लावता रचलेली चिऱ्यांची भिंत. गडग्यालगत विहीर, आज कुबलांच्या बाजूला. इंदुमतीबाई म्हणत, विहीर आमची. एकेचाळीस वर्षांपूर्वी मी बाळंतपणाला माहेरी गेले आणि कुबलांनी रात्रीत गडगा सरकवला. मोजणीच्या जुन्या नकाशावरची रेघ एवढी जाड, की अख्खी विहीर तिच्याखाली झाकली गेलेली! दोन्ही घरांचं बोलणं तेव्हापासून बंद.

"बाये," सत्तरीच्या इंदुमतीबाई नमुने घेताना शर्वाणीला म्हणाल्या होत्या, "लग्नाच्या पहिल्या वर्षी ह्या बावीचा पाणी मी शेंदलंय. मरायच्या आधी एकदा तरी कोणीतरी सांगूक व्हया, की म्हातारी खोटा बोलणा नाय."

आता सहकारी आल्हाद प्रभुदेसाई कणघड्याळ नावाच्या वाळू मोजणाऱ्या यंत्रासमोर बसून खूश होता.

"निकाल लागला. गडग्याच्या पायाखालच्या वाळूने नऊ हजार वर्षं उजेड पाहिलेला नाही. गडगा हललेलाच नाही. म्हातारी हरली!"

"कणघड्याळ काय मोजतं, सांग बघू."

"परीक्षा घेतेस? वाळूचा कण अंधारात असला की आजूबाजूच्या मातीतल्या किरणोत्साराने त्याच्यात ऊर्जा साठत जाते. ऊन लागलं की साठा रिकामा होतो, घड्याळ पुन्हा शून्यावर येतं. म्हणजे साठा मोजला की शेवटचं ऊन कधी लागलं ते कळतं."

"मग गडगा नऊ हजार वर्षांपूर्वी बांधला का रे? कधीतरी कुणीतरी पायासाठी चर खणलाच असेल ना? तेव्हा तळाच्या वाळूला ऊन लागायलाच हवं होतं."

आल्हादचं हसू मावळलं.

"म्हणजे चर खणला, चिरे बसवले, सगळं अंधारात," तो हळूच म्हणाला.

"म्हातारी खरं बोलत्येय. चल, विहिरीच्या पलीकडे खणू."

विहिरीच्या कुबलांकडच्या अंगाला, हातभर खोल, जुना चर सापडलाच. तळाच्या वाळूचं घड्याळ बरोबर एकेचाळीस वर्षांवर थांबलेलं. मूळ हद्द तीच, विहीर दळव्यांची. शर्वाणीने अहवाल लिहायला घेतला, आणि तिथेच ती अडली. चरात चिऱ्यांचे तुकडे पडलेले होते. दगडात ऊन जितके दिवस लागेल तितकं खोल मुरतं, आणि या तुकड्यांत ते दोन महिन्यांचं मुरलेलं होतं. नवा गडगा रात्रीत, पण जुना चर दोन महिने उघडा? तोही कुबलांच्या ताब्यातल्या जागेत? चोराने तो पहाटेच्या आत बुजवला असता.

दुसऱ्या दिवशी सकाळी विहिरीपाशी दोन्ही घरच्यांसमोर तिने हे जसंच्या तसं सांगितलं. गंगाराम कुबल पुढे आले.

"आमी सकाळी उठलो, तर गडगो बावीच्या पलीकडे," ते म्हणाले. "बापूस म्हणालो, चराक हात लावू नको, श्रीपत दळवी भांडूक येतलो. दोन महिने वाट बघितली. तो इलो नाय, म्हणजे गडगो त्यानाच हलवल्यान. पाऊस लागलो, तेव्हा मीच चर बुजवलंय."

"माझ्या सासऱ्यांनी?" इंदुमतीबाईंचा आवाज चिरका झाला. "ते कशाक आपली बाव देतले?"

"त्या उन्हाळ्यात भांडण झाला, आणि त्यांनी आमचा पाणी बंद केल्यानी. माझी बायको तारा व्हाळावरून घागर आणताना पडली. सातवो महिनो होतो. पोर गेला. आठ दिवसांनी गडगो हललो."

इंदुमतीबाईंना आपलं तेव्हाचं तान्हं बाळ आठवलं असावं. त्या विहिरीच्या काठावर बसल्या. आयुष्यभर ज्यांना चोर म्हटलं त्यांच्याकडे बघायची त्यांना लाज वाटत होती, आणि त्यांनी ती लपवलीही नाही.

"भावजी, एवढी वर्सां माझ्यो शिव्या खाल्लात. सांगलात कशाक नाय?"

"मेलेल्या माणसाची चूक उघडी कशाक करूची?"

शर्वाणीने अहवाल पुढे केला. "न्यायालयाने मूळ हद्द विचारली होती. ती तुमच्या बाजूने आहे. विहीर तुमची, बाई. तुम्ही खोटं बोलत नव्हतात."

इंदुमतीबाईंनी कागद घेतला, घडी करून कमरेला खोचला.

"माझा तेवढाच मागणा होता. गडगो सासऱ्यांनी ठेवलो तिथेच ऱ्हवांदे," त्या म्हणाल्या. "फक्त मधले चार चिरे काढा, भावजी. मी ह्या वाटेन पाण्याक येतलंय."

गंगाराम उठले. त्यांनी पहिल्या चिऱ्याला हात घातला, मग वर आभाळाकडे पाहिलं. ढग आले होते.

"जरा थांबा," इंदुमतीबाई म्हणाल्या. "ऊन पडांदे. ह्या वेळेक वाळूनं बघूक व्हया."