ढवळू आजोबांचं सोंग

खोडाळ्याच्या बाजारात त्याची मोटारसायकल माझ्या पायावरून जाता जाता राहिली. मी भांडणारच होते, पण मागच्या सीटवर गोणपाटात बांधलेलं काहीतरी माझ्याकडे बघतंय असं वाटलं.

"ढवळू आजोबांचं घर कुठंय?" एवढंच विचारलं.

"घर कशाला? आजोबा इथंच आहेत." त्याने गाठोड्यावर हात ठेवला. "त्यांचं वेताळाचं सोंग, मुखवटा. ते गेल्यापासून सहा वर्षं मीच नाचवतो. तुम्ही त्यांच्या मस्कतच्या नात ना?"

त्याचं नाव मंगेश. मेला दिसायला बरा होता.

मला यंदाच्या बोहाड्यात, गावच्या सोंगांच्या उत्सवात, तेच सोंग घेऊन नाचायचं होतं. बाबा तिकडे ड्रायव्हर. मस्कतमध्ये मी 'इंडियन', मुंबईच्या नाटकाच्या क्लासात 'मस्कतवाली'. निदान इथं तरी कुणी विचारू नये, तू कुठली म्हणून. गावातल्या जाणत्यांनी अट घातली: तालमीत पाऊल बरोबर पडलं तर सोंग माझं, नाहीतर कायमचं मंगेशचं. आणि शिकवायला कोण, तर मंगेशच.

"मुद्दाम चुकीचं शिकवशील," मी आठवड्यानं म्हणाले.

"शिकवेन की... म्हणजे तू रोज येशील."

तालीम भर दुपारी होती. पानही हलत नव्हतं. मंगेशने सोंग माझ्या तोंडावर बांधलं. वर्षभर कुणी घातलं नव्हतं, तरी आत ओलसर ऊब होती, तंबाखूचा वास होता. मंगेश तंबाखू खात नाही.

संबळ वाजला आणि माझा डावा पाय आपोआप फरफटत निघाला. थांबावं म्हटलं, थांबेना. मला भीती वाटली, खूप... आणि बरंही वाटलं.

संबळ बंद पडला. आजोबांची बहीण, सकू आजी, हात जोडून उभी होती. "पाय मोडल्यावर ढवळू असाच नाचायचा," ती म्हणाली. जाणत्यांनी पुढं काही विचारलंच नाही. सोंग माझं झालं.

मंगेशने गाठ सोडली. "हे पाऊल मी शिकवलं नव्हतं. मला येतच नाही."

"वाईट वाटतंय?"

"हो. घर ओकंबोकं होईल... मस्कतला नेशील?"

"छे. सोंग तुझ्याच घरी राहील."

"आणि तू?"

"सोंग जिथं, तिथं," मी म्हणाले. "पण लग्न करून हं. आजोबांसमोर दुसरं काही चालायचं नाही."

सोंग आमच्या दोघांच्या मध्ये होतं. मंगेशने त्याच्यावरूनच माझा हात धरला — आणि सोडला नाही.