मोरीतलं हिरवं ढेकूळ

"पाच म्हणजे पाच! तोवर पाणी गेलं नाही, तर ही मोरी सिमेंटने बंद!"

दारात उभं राहून अण्णांनी फर्मान सोडलं. तळमजला आणि वर दोन मजले अशा मरोळच्या त्या चाळीचे ते सेक्रेटरी, राहायला सगळ्यात वर. "चकल्यांचं तेल मोरीत ओतता आणि पाईप तुंबवता! हे चालायचं नाही, सुगंधाबाई!"

"थेंबभर तेल ओतलं नाही हो मी," जयाची आई म्हणाली. पण ऐकतो कोण! अण्णा निघालेसुद्धा, गुणाजी गवंड्याला बोलवायला.

जयाच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. आई चकल्या तळून विकायची, पण उरलेलं तेल डब्यात जपून ठेवायची, हे सगळ्या चाळीला ठाऊक होतं. मोरी बंद झाली तर आंघोळ, भांडी, धुणं सारं अंगणातल्या नळावर, चारचौघांत. आणि आई? ती तर आत्ताच स्टोव्ह विझवून गुडघ्यात मान घालून बसली होती! जयाला ते बघवेना.

"चंदू! भीमराज! खाली या रे, लवकर!"

पहिल्या मजल्यावरचा चंद्रप्रकाश आणि त्याच्या शेजारचा भीमराज धडधडत आले. चार वाजले होते.

"तळमजल्याची मोरी बंद केली की पाणी आमच्या मोरीतून वर येणार. अण्णांना एवढं पण कळत नाय?" चंदू म्हणाला.

"ते जाऊ दे यार! आधी पाईप मोकळा करू," भीमराज म्हणाला.

तेल असेल तर गरम पाण्याने सुटेल, असा जयाचा हिशेब. मोरीतलं पाणी तिघांनी उपसलं. धुण्याचा सोडा घातलेलं कढत पाणी आत ओतलं. जया येरझारा घालत राहिली. पाच मिनिटं, दहा मिनिटं... पाणी जागचं हलेना!

"वाट लागली!" चंदू म्हणाला. तो मागच्या गटाराकडे पळाला आणि पाईपच्या तोंडात बांबूची कामटी घालून ढोसू लागला. परत आला तो हातावर एक ढेकूळ घेऊन. टणक, हिरवट.

"हे तेल नाय. चिकटच नाय लागत!"

"बघू, बघू!" भीमराजने ओढलं, चंदूने सोडलं नाही, आणि ढेकूळ निसटून पडलं थेट आईच्या वाडग्यात. तांब्याचा बंब घासायला आईने त्यात चिंच कोळून ठेवली होती.

फस्स्! वाडगाभर बुडबुडे!

"चुना!" जया किंचाळली. "चुना आणि आंबट! बाईंनी शाळेत करून दाखवलं होतं!"

"पण चुना हिरवा कुठे असतो?" चंदूने विचारलं.

तिघांनी एकदमच वर पाहिलं. सगळ्या चाळीत सफेदी पांढरी. चुन्यात पिस्ता रंग कालवला होता फक्त अण्णांनी, नवा रंगीत टीव्ही येणार म्हणून! उरलेली बादली त्यांनी आपल्या मोरीत ओतली असणार, आणि तुंबला खालचा पाईप!

"चल, आत्ताच सांगू!" भीमराज उसळला.

"थांब रे! आधी पाईप. नाहीतर आपलं कोण ऐकतंय?" जया म्हणाली.

वाडगाभर चिंच पुरणार नव्हती. चंदू तीन-तीन पायऱ्या चढत घरी गेला. मागोमाग त्याच्या आईची, नलिनीकाकूंची हाक आली, "रे मेल्या, कोकमाचो आगळ खंय घेऊन चललंस? सोलकढी कसली करू मगे?"

चिंच आणि कोकमाचं ते आंबट आगळ, दोन्ही मोरीत गेलं. आत खदखदायला लागलं. साडेचार. पावणेपाच. जयाने नखं खाऊन संपवली. चंदू बाहेरून कामटीने ढोसतच होता. आणि एकदम... गडप्! घळाघळा पाणी निघालं, हिरवी ढेकळं गटारात येऊन पडली!

तेवढ्यात अण्णा हजर, मागे सिमेंटचं घमेलं घेऊन गुणाजी. आरडाओरडा ऐकून अर्धी चाळ जमली.

जयाने धीर करून विचारलं, "अण्णा, पाईप ज्याने तुंबवला त्याची मोरी बंद करायची ना?"

"अलबत!"

"कोणी का असेना?"

"कोणी का असेना! नियम म्हणजे नियम!"

जयाने ढेकूळ पुढे धरलं. "मग गुणाजीमामा, घमेलं उचला. दुसऱ्या मजल्यावर चला!"

गुणाजीने ढेकूळ बोटांनी चुरलं. "चुनाच हाय की! आन् पिस्ता रंग. अण्णा, तुम्हीच नव्हं का बुधवारी कालवलेला?"

चाळ खो खो हसली. अण्णांचा चेहरा पडला.

"चुकलो, सुगंधाबाई," ते पुटपुटले. "आणि पोरांनो, शाब्बास! मला हे सुचलं नसतं."

"अहो, तुमची मोरी राहू दे," आई म्हणाली. "पण मगाशी ओरडलात ते सगळ्यांना ऐकू गेलं. हेही तेवढ्याच मोठ्याने सांगा."

अण्णांनी घसा खाकरला आणि भर अंगणात, वरच्या मजल्यापर्यंत ऐकू जाईल असं सांगितलं, "सुगंधाबाईंची काही चूक नव्हती! चूक माझी!"

जयाला हुंदकाच फुटला. आई आत जाऊन पुन्हा स्टोव्हला पंप मारत होती.