कडीत ठेवलेली सकाळ

आमचं लग्न ठरलं.

हे वाक्य तुम्ही वाचलंच नाही असं समजा. असं काही ठरलेलं नाही. झालं ते एवढंच की रविवारी सकाळी मी नव्या भाड्याच्या खोलीत दात घासत होते आणि बेल वाजली.

दारात एक उंच मुलगा. पाठीवर यंत्र, यंत्राला दोन नळ्या, चेहऱ्यावर सरकारी गांभीर्य.

"उपसणी," तो म्हणाला.

भाडेकरू बदलला की आधीच्याच्या आठवणी भिंतीतून उपसून घ्याव्या लागतात, हे तुम्हाला माहीतच आहे. माझ्या आधी इथे गाणं शिकणारे एक गृहस्थ राहायचे. भिंतीला टेकलं की सूर चुकल्याची लाज मला वाटायची.

"या ना," मी तोंडातल्या फेसासकट म्हणाले. एक चप्पल पायात, दुसरी देव जाणे कुठे. केसांबद्दल काही न बोललेलंच बरं.

एका नळीच्या टोकाला रबरी वाटी असते. ती भिंतीवर लावायची. दुसरी नळी डब्यात सोडायची. एवढं साधं काम. पण त्याला डब्याचं झाकणच उघडेना.

"जरा ही धरता?" डब्याची नळी त्याने माझ्या हातात दिली, यंत्र सुरू केलं, माझ्याकडे बघितलं... आणि त्याला दरदरून घाम फुटला. तो त्याने पुसला – ज्या हातात वाटी होती, नेमक्या त्याच हाताने.

फट्! वाटी त्याच्या कपाळाला चिकटली, आणि दुसरी नळी माझ्या हातात.

मी हादरले. कारण मला एकदम आठवलं, की मी धापा टाकत जिना चढलेय, बेल वाजवलीय, आणि दार उघडून समोर उभी आहे... मीच!

आणि काय सांगू! आरशात मी रोज जिला बघते ती ही मुलगीच नव्हे. हनुवटीवर टूथपेस्ट, डोक्यावर घरटं, एकच चप्पल... आणि तरी छातीत अशी धडधड, की आपण कशाला आलोय तेच विसरायला व्हावं. 'हिने रोज असंच दार उघडलं तर...' एवढाच विचार. वाक्य पुढे गेलंच नव्हतं.

मी चष्म्याच्या दुकानात काम करते. दिवसभर लोकांच्या डोळ्यांपुढच्या काचा बदलत विचारते, "आता स्पष्ट दिसतं, की आधी?" पण दुसऱ्याच्या डोळ्यांनी स्वतःला बघायची ही पहिलीच वेळ. नाक चक्क बरं होतं.

त्याने वाटी ओढून काढली. कपाळावर लाल गोल. नजर कोरी.

"नमस्कार. दार... कोणी उघडलं?"

"मी."

"आपण कोण?"

आत्ता तर हा...

"तुमची एक आठवण माझ्याकडे आलीय," मी म्हणाले. "छोटीशीच आहे."

"अरे बापरे! छोटी असली तरी परत द्यावी लागेल. नियम आहे." तो वाटी घेऊन पुढे सरकला. मी मागे.

उपसणी नक्कल करत नाही. इथून उचलते, तिथे ठेवते. परत दिली, तर त्याने काय पाहिलं ते मी विसरणार. आणि हा स्वतःहून सांगणाऱ्यातला नव्हे, एवढं मला त्याच्या आतूनच कळलं होतं. नाही दिली, तर हा भिंत उपसून, नमस्कार करून, अनोळख्यासारखा जिना उतरणार.

"देत नाही," मी म्हणाले.

"अहो, ती माझी आहे!"

"पण माझ्याबद्दल आहे."

"असं आहे तरी काय त्यात?"

"टूथपेस्ट."

"टूथपेस्टसाठी एवढं भांडताय?"

"आणि... तुमची धडधड."

त्याचे कान कपाळावरच्या गोलाइतके लाल झाले.

"कोणाला... बघून?"

"इथे दुसरं कोण आहे? ते गाणारे गृहस्थ?"

त्याने वाटी खाली केली. मग हळूच म्हणाला, "मग तर मला ती हवीच."

"मलाही."

दोघांनी एकदम दाराकडे बघितलं. आठवण भिंतीत राहते, तर कडीत राहायला काय हरकत?

त्याने माझ्या कपाळाला वाटी लावली. वाटी गार, बोटं गरम. दुसरी नळी कडीवर. क्षणभर सगळं रिकामं... भांडण आठवत होतं, कशावरून ते नाही. त्याने माझा हात धरून कडीवर ठेवला. वर स्वतःचा.

आणि जिना, बेल, ती मुलगी – सगळं परत आलं. दोघांना.

"आता स्पष्ट दिसतं," मी सवयीने विचारलं, "की आधी?"

"आता." तो डोळे न हलवता म्हणाला, "टूथपेस्ट अजून तिथेच आहे."

गोष्ट इथेच संपायला हवी होती. पण घरमालकीण काकू भिंत उपसली का ते बघायला आल्या आणि त्यांनी कडी धरली.

"अगंबाई!" त्यांनी छातीवर हात ठेवला. "किती गोड दिसतेस गं तू... छातीत कसंसंच होतंय मला!"

"काकू, ते तुमचं नाही, ह्यांचं आहे."

"असेल! पण होतंय मला!"

दुपारी काकांनी कडी धरली, उसासा टाकला आणि घाबरून घरी जाऊन आयुष्यात पहिल्यांदा काकूंना चहा करून दिला. दूधवाला हल्ली दूध नसतानाही येतो. आणि तो – तो रोज भिंत तपासायला येतो. यंत्र विसरून.

सबब, उपसणी खात्याच्या प्रमुखांस सविनय विनंती की, सदर कडी फक्त एकाच इसमास लागू राहील अशी तरतूद व्हावी. दूधवाल्यास तो माझ्या प्रेमात नसल्याचा दाखला मिळावा. माझी भिंत कधीही उपसून पूर्ण होणार नाही याची खात्याने दक्षता घ्यावी. आणि सदर कर्मचाऱ्याची, रोज सकाळी दात घासण्याच्या सुमारास, माझ्या दारात कायमस्वरूपी बदली करण्यात यावी.