कप्तान ‘येते’ म्हणाली

पहिल्यांदा बोललो तेव्हा मी त्याला ‘ताई’ म्हणाले आणि तो मला ‘दादा’ म्हणाला. प्रेमाची याहून वाईट सुरुवात कुणाची झाली असेल तर सांगा मला.

चूक तशी कुणाचीच नव्हती. माझा आवाज जाडा. फोनवर लोक मला साहेब समजतात आणि मीही आता ‘बोला’ म्हणून मोकळी होते. त्या दिवशी रेकॉर्डिंग स्टुडिओतला फोन वाजला, जागेवर दुसरं कुणी नव्हतं, म्हणून मी उचलला. पलीकडचा आवाज इतका मऊ, इतका हळू... मला वाटलं, कुणी शहाणीसुरती मुलगी बोलतेय.

“जुन्या मालिकेच्या फिती साफ झाल्यात, दादा. न्यायला कुणी येणार का?”

“आज कुणी नाही हो, ताई. उद्या पाठवलं तर चालेल?”

“राहू दे मग, मीच घेऊन येतो.”

येतो? मी रिसीव्हर कानापासून लांब धरून त्याच्याकडे बघत राहिले.

“बरं,” मी म्हणाले, “मी थांबते.”

आता तिकडून बारीकसं हसू ऐकू आलं. “थांबते?”

आपल्या भाषेत लपायला जागाच नाही बघा. एक क्रियापद तोंडातून निसटलं की माणूस उघडा पडतो.

थोड्या वेळाने तो आला, डब्यांची चळत हनुवटीखाली दाबून. उंच, किडकिडीत, बाहीला धूळ. डबे टेबलावर ठेवले, माझ्याकडे नीट बघितलं आणि गंभीर चेहऱ्याने म्हणाला, “नमस्कार, दादा.”

“या ताई, बसा,” मी म्हणाले. झालं. तेव्हापासून हीच आमची नावं.

ती मालिका आई लहान असताना लागायची. पुठ्ठ्याची अंतराळयानं आणि सुकाणू म्हणून कुकरचं झाकण. एका लांबच्या ग्रहावर सगळा कारभार उलटा. बायका यानं उडवतात. पुरुष घर सांभाळतात, लाजतात आणि दारात उभे राहून वाट बघतात. शिवाय लिहिणाऱ्याने एक खोडी करून ठेवलेली. त्या ग्रहावर बाई ‘मी निघतो’ म्हणते आणि पुरुष म्हणतो ‘मी थांबते’. चित्रं वाचली होती, पण ओलीने आवाज पार गेलेला. फिती पुसणं त्याचं काम, नव्याने आवाज देणं आमचं. अंतराळयानाची कप्तान माझ्या वाट्याला आली, ती याच जाड्या आवाजामुळे. जन्मात पहिल्यांदा त्याचं काहीतरी चीज झालं.

कप्तानचा एक नवरा होता. यान उतरायच्या मैदानावर दिवा लावून तो तिची वाट बघायचा. त्या कामासाठी एक भारदस्त नट बोलावला होता. ‘मी लाजते’ असं तो एकदाच म्हणाला, पाणी पिऊन येतो म्हणून बाहेर गेला, आणि गेला तो गेलाच. आमच्या दिग्दर्शिका, त्यांना सगळे नुसतं ‘बाई’ म्हणतात, डबे मोजून देणाऱ्या माझ्या ताईकडे वळल्या.

“तू म्हण रे ही वाक्यं.”

“मी? मी फिती पुसतो, बाई.”

“हात पुसून ये मग.”

तो माइकसमोर उभा राहिला आणि म्हणाला, “तू गेलास की घर उगाच मोठं वाटतं. मी दिवा लावून बसते.”

खोटं कशाला बोलू, मी तिथेच विरघळले.

मग आम्हाला त्या भाषेची चटकच लागली. दुपारी जिन्यात चहाचे कप घेऊन बसलो की तो विचारायचा, “दमलास का रे?”

“दमलो. तू मात्र आज छान दिसतेस. शर्ट नवा वाटतं?”

“इश्श,” असं म्हणून तो खरोखरच कॉलर नीट करायचा.

हसून हसून पुरेवाट व्हायची. पण मला एक गोष्ट हळूहळू टोचायला लागली. उलट्या भाषेत तो काय वाटेल ते बोलायचा. “तू आला नाहीस ना, तर मी कामात लक्षच घालू शकत नाही गं... रे,” असं म्हणायचा आणि माझ्याकडे बघायचा. ते बघणं काही मालिकेतलं नव्हतं. पण सरळ भाषेवर आला की आपलं “निघतो, उद्या भेटू” आणि मग मूग गिळून गप्प. मी घरी जाऊन त्याच्या वाक्यांच्या शेपट्या तपासत बसायचे, यातलं त्याचं किती आणि दिवेवाल्याचं किती म्हणून.

त्यातच मला दूरदेशीच्या एका रेडिओवर नोकरी मिळाली. बातम्या वाचायची. आई म्हणाली, “मुलीने एकटीने एवढ्या लांब...?” बाबा म्हणाले, “अगं, हिचा आवाज ऐकून चोर हिलाच काका म्हणतील. जाऊ दे.” घरचं असं मिटलं. राहिला जिना.

“मी जाणार आहे,” मी त्याला सांगितलं. सरळ भाषेत.

त्याने कप खाली ठेवला. “कधी?”

“मालिका संपली की.”

बराच वेळ तो कठड्याचा निघालेला रंग नखाने खरवडत बसला. मग हसला. “म्हणजे कप्तान निघाला म्हणायचा. जा हो. मी बसते दिवा लावून.”

मीही हसले. हसावंच लागलं. त्याने ‘जाऊ नकोस’ म्हणावं असं मला मुळीच नको होतं. तसं म्हणाला असता तर मी थांबले असते आणि जन्मभर त्याच्या नावाने बोटं मोडली असती. मला एवढंच हवं होतं, की त्याने ‘मी’ म्हणावं आणि तो ‘मी’ त्याचा असावा. तेवढं गाठीला असतं तर मी कुठेही राहिले असते.

शेवटचा भाग आला. कप्तान यानाच्या दारात उभी, पडदाभर तिचा चेहरा. कागदावर तिचा एकच शब्द होता. मी म्हणाले, “येतो.”

“थांबा, बाई,” तो मागून म्हणाला. “ओठ जुळत नाहीत.”

“कुठे नाहीत?”

“‘तो’ म्हणताना ओठांचा चंबू होतो. हिचे बघा, फाकलेत. ही ‘येते’ म्हणतेय. पुसताना मी कितीदा बघितलंय.”

बाईंनी चष्मा वर सरकवला. “अगं बाई, खरंच की. सबंध मालिका तो-तो करत आली आणि निघताना विसरली?”

“विसरली नसेल,” तो पडद्याकडेच बघत म्हणाला. “तेवढंच तिला खरं म्हणायचं असेल.”

मग मी “येते” म्हणाले. ओठ जुळले. आवाज जरा कापला, पण बाई म्हणाल्या, राहू दे तसाच.

आता त्याचं उत्तर. दिवेवाला पडद्यावर पाठमोरा उभा होता. ओठ दिसतच नव्हते... काहीही म्हणता आलं असतं त्याला. माझा सगळा जीव कानांत गोळा झाला.

“मी वाट बघते,” तो म्हणाला. कागदावर होतं तसंच, काना-मात्रेचाही फरक नाही.

“उत्तम,” बाई म्हणाल्या. मला हेडफोन काढून त्याला फेकून मारावासा वाटला.

विमानतळाच्या बसपर्यंत तो बॅग घेऊन आला. आई-बाबांनी घरीच निरोप दिला होता. का, ते त्यांनाच ठाऊक. आम्ही निघताना आईने मात्र त्याच्याकडे दोनदा बघितलं.

“सगळं घेतलंस?”

“घेतलं.”

“थंडी असते तिकडे.”

“असते.” घोडं इथेच पेंड खात होतं. माझा संयम सुटला. “तुला काही बोलायचंय का?”

“कुणाला... कप्तानला, की—”

“कप्तान गेली खड्ड्यात. मला.”

त्याने तोंड उघडलं आणि तेवढ्यात ड्रायव्हरने हॉर्न दाबला. मी चढले. खिडकीची काच न उघडणारी, गच्च बसवलेली. तो धावत खिडकीखाली आला आणि काहीतरी म्हणाला. मला काही ऐकू आलं नाही. मी कानाला हात लावून मान हलवली.

त्याने स्वतःच्या ओठांवर बोट ठेवलं. बघ, अशी खूण केली. मग सावकाश, एकेक अक्षर सुटं करून पुन्हा म्हणाला. सुरुवातीची अक्षरं मला पाठच होती, ती मी सोडून दिली. मी फक्त शेवटाकडे डोळे लावून बसले. आणि शेवटी, अगदी शेवटी, त्याच्या ओठांचा गोल चंबू झाला.

बस हलली. मी काचेला नाक लावून, ओठ फाकवून त्याला एकच शब्द म्हटला. त्याने तो वाचला. दोन्ही हात डोक्यावर ठेवून तो रस्त्यातच उभा राहिला आणि हसत राहिला.

शेजारी बसलेल्या काकूंनी रुमाल पुढे केला. “काय म्हणाला गं?”

“वाट बघतो म्हणाला.”

“मग रडतेस कशाला?”

“इतके दिवस ‘बघते’ म्हणायचा, काकू.”