पित्ताचं बाकडं

हृदयसंस्थेच्या पहिल्या मजल्यावर, प्रयोगशाळेच्या दारासमोर, एक लाकडी बाकडं होतं. सोलापूरच्या त्या नव्याकोऱ्या इमारतीत भिंती स्वतःच स्वतःला निर्जंतुक करत आणि दारं चेहरा ओळखून उघडत. जुनं असं तिथं त्या बाकड्याशिवाय काही नव्हतं. नर्सेस त्याला पित्ताचं बाकडं म्हणत. त्यावर बायका बसत आणि प्रत्येकीच्या हातात गुलाबी औषधाचा कागदी पेला असे.

कोणी बाकड्यावर बसायचं आणि कोणी आत जायचं, हे माणसं ठरवत नसत. ते दारातली चाळणी ठरवी. चाळणी म्हणजे भिंतीत बसवलेलं एक प्रश्नयंत्र. गोड आवाजात ती रुग्णाला प्रश्न विचारी, बारापैकी गुण देई आणि सातच्या वर गुण असतील तरच रक्ततपासणीचं लेबल छापी. लेबल नसलेली कुपी प्रयोगशाळेतलं यंत्र आत घेतच नसे. छातीवर हत्ती बसल्यासारखं वाटलं तर चार गुण, कळ डाव्या हातात उतरली तर तीन. ‘घाबरल्यासारखं होतंय’ म्हटलं तर एक गुण वजा!

हा सरपोतदार तक्ता. संस्थेचे संचालक डॉ. त्रिविक्रम सरपोतदार यांनी तो बाराशे रुग्णांचा अभ्यास करून बसवला होता. बाराशेच्या बाराशे पुरुष. बायकांच्या संप्रेरकांमुळे आकड्यांत गोंधळ होतो म्हणून त्यांना अभ्यासातून वगळलं, असं त्यांनी प्रबंधाच्या तळटिपेत छापलंही होतं. सरपोतदार हुशार नव्हते असं नाही. हुशार होते, हीच तर अडचण होती. मूर्ख माणसाचं एवढं कोणी ऐकलं नसतं.

त्या दिवशी सकाळी अकरा वाजता प्रयोगशाळेत तीन जणांची समिती बसली होती. मधल्या खुर्चीत सरपोतदार होते. उरलेले दोन सदस्य सरपोतदार मान हलवतील त्या दिशेला मान हलवण्यासाठी नेमलेले असल्यामुळे त्यांची नावं सांगण्याची गरज नाही. सरांसाठी बिनसाखरेचा चहा आला. एकवीस वर्षांचा मधुमेह असूनही आपण पहिल्या मजल्यावर जिन्यानंच येतो, हे ते आल्यागेल्याला सांगत. आज मात्र ते लिफ्टनं आले होते, आणि ते त्यांनी कोणाला सांगितलं नाही.

समोर डॉ. रेहाना बागवान उभी होती. मज्जातंतूंची ती अभियंता. सहा वर्षं खपून तिनं ‘वेदनावाहक’ तयार केला होता. आज तो मंजूर झाला नाही तर दुपारी भंगारात जाणार होता.

“थोडक्यात सांगा, बागवानबाई,” सरपोतदार म्हणाले. “कविता नको.”

“सर, रुग्णाच्या मानेतून आणि पाठीच्या कण्यातून जाणारे संदेश हा पट्टा टिपतो,” रेहानानं सांगितलं. “दुसरा पट्टा डॉक्टरच्या मानेभोवती असतो. तो तेच संदेश डॉक्टरच्या मज्जातंतूंत सोडतो. रुग्णाला जे होतंय ते डॉक्टरला होतं. मात्र एक मर्यादा आहे. ती वेदना परक्याची म्हणून कळत नाही, आपलीच वाटते. मेंदूला फरक करता येत नाही.”

“आणि याची गरज काय? तक्ता आहे की.”

“तक्ता पुरुषांचा आहे, सर. बऱ्याच पुरुषांत मोठी रक्तवाहिनी एकदम तुंबते आणि छाती आवळते. छातीत बायकांच्याही दुखतं, पण अनेक जणींत ते दुखणं दबकं असतं. बारीक रक्तवाहिन्या आखडतात, किंवा वाहिनीच्या आतला थर सोलवटतो. मग दम लागतो, मळमळतं, जबडा आणि पाठ दुखते, अंगातलं त्राण जातं. पहिला कार्डिओग्रामही कधीकधी चांगला येतो. त्या बिचाऱ्या चाळणीला सांगतात, ‘कसंतरी होतंय.’ चाळणी दोन गुण देते. गेल्या वर्षी या बाकड्यावरून घरी गेलेल्या तेवीस जणी आठवड्याच्या आत वारल्या.”

“पित्तानंही माणूस मरतो कधीकधी,” सरपोतदार म्हणाले. डावा सदस्य हसला. उजवा थोड्या वेळानं हसला.

रेहानानं दार उघडलं आणि बाकड्यावरच्या बाईला हात धरून आत आणलं.

महानंदा हत्तुरे त्रेपन्न वर्षांच्या होत्या. त्या कडक भाकरीचा धंदा करत, रोज दोनशे भाकरी थापत. सकाळी सातपासून त्या बाकड्यावर होत्या. चेहरा राखेच्या रंगाचा झाला होता, पण लुगड्याचा पदर नीट होता.

“काय होतंय, मावशी?” उजव्या सदस्यानं उगीच विचारलं.

“काय की बाबा. कसंतरी व्हायलंय. पाठीत भरून आलंय. म्हटलं, थापून थापून दुखायलंय.” त्या दम खायला थांबल्या. “डाक्टरनं औषध दिलंय गुलाबी. चांगलं गोड हाय. उतार नाही पडला.”

“गुण किती?” सरपोतदारांनी विचारलं.

“तीन,” दारावरच्या सिस्टर म्हेत्रे म्हणाल्या. संस्थेच्या नोकरीत बावीस वर्षं काढून त्यांचा आवाज सपाट झाला होता.

“संपलं मग. पण ठीक आहे, होऊन जाऊ द्या तुमचा खेळ. घाला तो पट्टा. मी स्वतः सांगतो हे पित्त आहे म्हणून.”

रेहानानं आधी त्यांच्यापुढे एक छापील फॉर्म ठेवला. सध्या आपल्याला काय काय जाणवतंय, असे चौदा प्रश्न आणि खाली एक सूचना. “सर, एकदा वाचून घ्या.”

“चाळीस वर्षं सह्या करतोय मी.” सरपोतदारांनी चौदाही रकान्यांवरून एक तिरपी रेघ ओढली, तिच्यावर ‘निरंक’ लिहिलं आणि सही ठोकली. सरकारदरबारी जसं करतात तसंच. न वाचता निरंक लिहिण्याची कला ज्याला साधली तो आपल्याकडे संचालक होतोच.

एक पट्टा सरपोतदारांच्या मानेभोवती बसला. दुसरा महानंदाक्कांच्या मानेभोवती.

“हं,” मिनिटभरानं सरपोतदार म्हणाले. “येतंय, येतंय. लिहून घ्या. छातीच्या हाडामागं जळजळ. जबड्यात दाढ दुखल्यासारखं. खांद्यांच्या मध्ये जडपणा. मळमळ. थोडा घाम.” ते सदस्यांकडे वळून हसले. “यासाठी ही बाई चार तास कण्हतेय! अहो, शेंगा चटणी जास्त झाली की मला याहून जास्त होतं. तक्त्याप्रमाणे गुण तीन. पित्त! बसवा हिला बाकड्यावर.”

महानंदाक्का मुकाट्यानं उठायला लागल्या. रेहानानं त्यांना खांद्याला धरून बसवलं. तिचा चेहरा पार उतरला होता.

“सर,” ती म्हणाली, “यंत्र मी अजून सुरूच केलेलं नाही.”

रेहानानं फॉर्म त्यांच्यापुढे सरकवला.

“फॉर्मवर सूचना आहे. पंधरावा मुद्दा. पट्टा घातल्यावर पहिली पाच मिनिटं यंत्र बंद राहील; त्या वेळात जे जाणवेल ते स्वतःचं समजावं. तुलनेसाठी ठेवावंच लागतं.”

“पट्टा घट्ट आहे!” सरपोतदार म्हणाले. त्यांनी रुमालानं कपाळ पुसलं, रुमाल ओला झाला. “मनाचे खेळ. सुरू करा यंत्र. करा म्हणतो ना!”

रेहानानं कळ दाबली. हिरवा दिवा लागला. सरपोतदारांनी डोळे मिटले.

“काय फरक पडला, सर?”

“थोडं वाढलं,” ते हळू म्हणाले. “पण तेच आहे.”

एका रंगाच्या पाण्यात त्याच रंगाचं पाणी ओतलं तर रंग कसा बदलणार? रेहानानं ते समितीला सांगितलं, कारण समितीला सांगावं लागतं. दोघांना होतंय ते एकच आहे. दोघांनाही पित्त आहे, नाहीतर दोघांचंही हृदय मरतंय. जुन्या मधुमेहात नसा बोथट होतात आणि मग पुरुषालाही अॅटॅक असाच, दबक्या पावलांनी येतो.

“माझं रक्त घ्या,” सरपोतदार म्हणाले. “ट्रोपोनिन बघा, ताबडतोब.” ट्रोपोनिन म्हणजे हृदयाचा स्नायू मरू लागला की रक्तात उतरणारं प्रथिन.

“गुण तीन आहेत, सर,” सिस्टर म्हेत्रे म्हणाल्या. “लेबल निघत नाही. गुलाबी औषध देऊ?”

“सकाळी घेतलंय मी ते! दोन चमचे!” ते ओरडले, आणि काय बोलून गेलो हे त्यांच्या लक्षात आलं. “मी संचालक आहे. मला लेबल कसलं?”

“तक्त्यात नावाचा रकाना नाही, सर. तुम्हीच नको म्हणालात. सगळ्यांना एकच नियम.”

सरपोतदार व्हीलचेअर मागवायला दाराकडे निघाले. बाहेर पडता पडता त्यांचे पाय लटपटले, आणि समोर जे होतं त्यावर ते बसले. समोर बाकडं होतं.

रेहाना त्यांच्यापुढे उकिडवी बसली. तिला त्यांची दया आली नाही. आत एक बाई चार तासांपासून मरत होती आणि तिला फक्त तीच दिसत होती. “सर, तक्ता रद्द करायचा अधिकार एकट्या तुमच्याकडे आहे. एकासाठी वगळता येत नाही. रद्द झाला तर सगळ्यांसाठी.”

सरपोतदारांनी चाळणीला हाक मारली, आपलं नाव सांगितलं, सांकेतिक शब्द सांगितला. अकरा वर्षं ज्यावर वाद चालले, अर्ज झाले, एका वर्षातच तेवीस तिरड्या उठल्या, ते काम अठरा सेकंदांत झालं. दोन लेबलं छापली गेली. दोन्ही कुप्यांतलं रक्त तेच बोललं. कोणालाही पित्त नव्हतं.

दोघंही वाचली. सरपोतदारांवर तासाभरात उपचार झाले, त्यांच्या हृदयाला ओरखडाही राहिला नाही. महानंदाक्कांचे चार तास आधीच गेले होते, त्यामुळे त्यांच्या हृदयाचा एक कोपरा कायमचा गेला. दोनशे भाकरींच्या आता चाळीस झाल्या.

सहा महिन्यांनी सरपोतदारांनी परिषदेत निबंध वाचला. जळजळ, जबडा, पाठ, मळमळ, घाम: हृदयविकाराचं आजवर दुर्लक्षित राहिलेलं हे रूप त्यांनी स्वतःच्या शरीरावर अनुभवून जगापुढे आणलं होतं. सभागृह उठून उभं राहिलं. या रूपाला ‘सरपोतदार लक्षणसमूह’ म्हणावं असं एकमतानं ठरलं. शेवटच्या पानावर वेदनावाहकाचे आभार होते. तो बनवणारीचं नाव जागेअभावी गळलं होतं.

महानंदाक्का तपासणीला आल्या तेव्हा रेहानासाठी फडक्यात बांधून भाकरी घेऊन आल्या. जिना नको म्हणून लिफ्टनं आल्या, तरी दम लागला. प्रयोगशाळेसमोर बाकडं होतं, आता पॉलिश केलेलं. त्याच्याभोवती लाल दोरी होती आणि पाठीवर पितळी पाटी: ‘सरपोतदार लक्षणसमूहाचा शोध लागला तेव्हा डॉ. त्रिविक्रम सरपोतदार येथे बसले होते.’

त्यांनी दोरी उचलली, खालून वाकून आत शिरल्या आणि बसल्या. पहारेकरी धावत आला.

“ओ मावशी, उठा, उठा! इथं बसायचं नाही. ऐतिहासिक बाकडं आहे ते.”

महानंदाक्कांनी पदरानं घाम पुसला आणि भाकरीचं फडकं मांडीवर ठेवलं.

“चार तास बसले होते की मी ह्याच्यावर,” त्या म्हणाल्या. “तवा कुणी ऊठ म्हटलं नाही.”